मदत हवी आहे: बोंडअळीत जनुक बघायचं की अख्खं शेत?
नमस्कार मंडळी. यवतमाळकडच्या कपाशीत गुलाबी बोंडअळीच्या प्रतिकाराचा अभ्यास मांडायचा आहे. अळीच्या कॅडहेरिन जनुकात (यातून आतड्यातलं विष चिकटण्याचं प्रथिन बनतं) बदल झाला की क्राय१एसी हे बीटी कपाशीतलं विषारी प्रथिन आतड्याला चिकटत नाही. नेमकं आहे, पण अपुरं. बीजी-२ (दोन विषांची बीटी कपाशी) संकरित वाणाच्या एकाच बोंडात १६ पैकी साधारण १ सरकी दोन्ही विषांविना असते, आणि अळी खाते सरकीच! वरून फरदड (वेचणीनंतरही न उपटता राखलेली कपाशी) फेब्रुवारीपर्यंत उभी, आणि रेफ्युजी म्हणजे बिगर-बीटी बियाणं वेगळ्या पाकिटात यायचं तेव्हा बहुतेक जण ते पेरतच नसत.

डोमकळ्या (अळीमुळे न उमलता मिटून राहिलेली फुलं), किडकी हिरवी बोंडं मोजली तर शेत कळतं, जनुक नाही. अळ्यांचा डीएनए तपासला तर उलट. मग फरदडीचं आणि वेळेत उपटलेलं अशी शेतं जोडीनं निवडून दोन्ही नमुने एकाच झाडावरून घ्यावेत का? सरकीत विष आहे का हे पट्टीवर दाखवणाऱ्या स्ट्रिप टेस्टला सरकीचा फक्त मगज घ्यावा लागेल, कारण साल मातृझाडाची असते. एका बोंडामागं किती सरक्या पुरतील? सांगा जी.