उत्तर: क्वेकरांकडे सिद्धांत नव्हता?

वर म्हटलंय की क्वेकर लोकांकडे (सतराव्या शतकात इंग्लंडमध्ये निघालेला, शांत बसून उपासना करणारा ख्रिस्ती पंथ) नुसतं मौन होतं, सिद्धांत असा काही नव्हताच, हे मला अजिबात पटत नाही. त्यांच्यातल्याच रॉबर्ट बार्कलेचं 'अपॉलॉजी' हे पुस्तक बघा ना, १६७६ मध्ये आधी लॅटिनमध्ये आलं आणि १६७८ ला त्यानेच इंग्रजीत केलं, पंधरा मुद्दे घेऊन एकेक मांडत गेलाय, आतला प्रकाश (म्हणजे प्रत्येक माणसाच्या आत असलेला देवाचा उजेड), पाण्याचा बाप्तिस्मा का नको, शपथ का घ्यायची नाही, सगळं. अपॉलॉजी म्हणजे इथे माफी नाही हं, बचाव, दुसऱ्या शतकात जस्टिन या ख्रिस्ती विचारवंताने रोमन सम्राटापुढे आपल्या धर्माचा केला तसाच. आणि बार्कले तिशीच्या आतला, क्वेकर तुरुंगात जात होते तेव्हा थेट इंग्लंडचा राजा दुसऱ्या चार्ल्सला लिहितो की तुम्हीही देशोधडीला लागला होतात, छळ काय असतो तुम्हाला माहितीये. मला तर ते वाचताना अजूनही भरून येतं.