गादीचे कोपरे बसलेत म्हणून लगेच परत पाठवू नका

खोक्यात दाबून-गुंडाळून आलेली फोमची नवी गादी उघडून एक रात्र उलटली तरी तिचे दोन कोपरे दबलेलेच आहेत आणि वासही येतोय, म्हणून ती सदोष असावी, असं तुम्ही म्हणताय. माझ्या मते एवढ्यात परत पाठवायची घाई करू नका. बहुतेक फुगवटा पहिल्या काही तासांतच येतो, पण गुंडाळीत सगळ्यात आत दबलेला भाग मागे राहतो. त्याला ४८ ते ७२ तास द्यावेत. मेमरी फोम (अंगाच्या उबेने मऊ होऊन शरीराचा आकार घेणारा फोम) असेल तर खोली गार असताना तो आणखी आळशी होतो, कारण थंडीत तो कडक पडतो. खोली जरा उबदार ठेवा, कोपरे तळहाताने दाबून सोडा. हेअर ड्रायर वगैरे अजिबात नको.

वास फोम बनवताना राहिलेल्या रसायनांचा असतो, बंद प्लास्टिकमध्ये कोंडलेला. खिडक्या उघडा, पंखा लावा, चादर लगेच घालू नका. बहुतेकदा काही दिवसांत जातो. डोकं दुखत असेल तर तोवर दुसऱ्या खोलीत झोपा.

वरच्या एका प्रतिसादात कुणीतरी गादी उघडताना प्लास्टिकला कटरने सरळ चीर द्यायला सांगितलंय, ते मात्र पटलं नाही. पातं किती खोल जाईल याचा अंदाज येत नाही, कव्हर फाटलं की वॉरंटीचं भांडण आलंच! गुंडाळी आधी पलंगावर नेऊन ठेवायची, प्लास्टिक चिमटीत वर ओढून कात्रीने छोटं छिद्र पाडायचं. हवा सुस्कारा टाकल्यासारखी आत शिरते, मग उरलेलं हाताने फाडता येतं.

खोका आणि पावती तेवढी जपून ठेवा. तीन दिवसांनी चारही कोपऱ्यांची उंची टेपने मोजा, फरक राहिलाच तर फोटोसकट तक्रार करा.