लालेट्टन, मुंडू आणि आमचं त्रिशूर (अनुभव धागा)

भट्टीवाला:
काल भाच्याच्या मोबाइलवर 'स्फटिकम' या मल्याळम पिक्चरमधली मारामारी दिसली आणि १९९५ साल आठवलं. आम्ही विट्याकडचे, वडिलांचं, म्हणजे आण्णांचं, त्रिशूरला गलाईचं (सोनं-चांदी गाळायचं) दुकान. मोहनलालचा आडू तोमा कमरेचा मुंडू (तिकडची लुंगी) सोडून समोरच्याच्या डोक्यावर टाकतो आणि हाणतो, तेव्हा थिएटरात शिट्ट्यांनी कान बसले होते. पण आण्णा हलले ते त्यातल्या बापामुळे. तिलकनचा चाको मास्तर, गणितापुढे पोराचं काही चालू देत नाही, पोरगा वाया जातो. आण्णांना मल्याळम सोन्याच्या भावापुरतं यायचं. तरी घरी येईपर्यंत एक शब्द बोलले नाहीत. त्यानंतर गणिताच्या मार्कांवरून माझ्यावर कधी हात उगारला नाही. २०२३ ला पिक्चर पुन्हा थिएटरला लागला तेव्हा आण्णा नव्हते. एकटा जाऊन बघून आलो. तुमचं कुणाचं असं काही असेल तर लिहा.

निळी_छत्री:
डोळे भरले रे दादा. माझं सासर कोट्टायम. तिकडे मोठं माणूस समोर आलं की दुमडलेला मुंडू खाली सोडतात, हे मला पिक्चर बघून कळलं, नवऱ्याने कधी सांगितलं नाही. आणि हिरोने मुंडू वर दुमडला की समजायचं, आता कुणाचं तरी खरं नाही. कुकर झाला, नंतर येते.

शारजाकर:
९८ ते २००५. खोलीत सहा जण, पाच मल्याळी, सहावा मी. गुरुवारी रात्री कॅसेट. मोहनलाल नाही म्हणायचं, लालेट्टन. मामुट्टी म्हणजे मम्मूक्का. एट्टन काय, इक्का काय, आपला दादाच. खोलीत दोन पार्ट्या, ज्यांच्या हिरोचा पिक्चर पडला त्यांनी भांडी घासायची. २००० ला लालेट्टनचा 'नरसिंहम' आला आणि मम्मूक्कावाले महिनाभर मोरीत! घरची आठवण त्या खोलीत कमी यायची.

आजोळ_चिपळूण:
आईला हिंदी 'दृश्यम' फार आवडलेला, निशिकांत कामतांचा. मी मूळचा २०१३ चा मल्याळम, लालेट्टनचा, लावून दिला. म्हणाली, हा बाप आपल्या शेजारचाच वाटतो गं, म्हणून जास्त भीती वाटते.

पेटीमास्तर:
'हेराफेरी'तले बाबूराव आपटे आपल्याला घरचे वाटतात, पण मूळ १९८९ चं 'रामजी राव स्पीकिंग', त्यात इनोसंट यांचा मन्नार मत्तायी. प्रियदर्शनने हिंदीत त्याला मराठी केलं. इनोसंट २०२३ ला गेले त्या रात्री घरात सगळ्यांनी मिळून मूळ पिक्चर बघितला.

डोंबिवली_पूर्व:
विषय सोडून विचारते, खोबरेल तेलात तळलेले केळ्याचे वेफर्स कुठे मिळतील? बाबांना तेच हवेत.

निळी_छत्री:
@डोंबिवली अय्यप्पा मंदिराच्या आसपास मल्याळी दुकान असतंच, विचार. पुट्टूकुट्टी पण घेऊन ठेव.

डोंबिवली_पूर्व:
ती काय असते?

निळी_छत्री:
तांदळाचा पुट्टू वाफवायचं नळीसारखं भांडं. सोबत काळ्या चण्यांची कडला करी. रेसिपी खाजगी निरोपात पाठवते.

भट्टीवाला:
शारजाकर, आमच्या दुकानातला पोरगा लालेट्टनच्या पिक्चरच्या पहिल्या दिवशी पहाटेच चेंडा (तिकडचा ढोल) घेऊन थिएटरवर जायचा, कटआउटला दूध घालायला. आण्णा त्या दिवसाचा खाडा धरायचे नाहीत. वर दुधाला पैसे द्यायचे.