माया डेरेन यांचा चित्रपट कथेविना कसा पाहावा?

प्रश्न:
माया डेरेन आणि अलेक्झांडर हॅमिड यांचा १९४३ चा ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ नुकताच पाहिला. किल्ली, सुरी आणि चेहऱ्याच्या जागी आरसा असलेली काळ्या वस्त्रांतील आकृती पुन्हा पुन्हा येतात. परंतु नेमके काय घडले, हे सांगता येत नाही. अशा चित्रपटाकडून कोणती अपेक्षा ठेवावी?

प्रतिसाद १:
न्यूयॉर्कच्या ‘सिनेमा १६’ या फिल्म सोसायटीच्या १९५३ मधील परिसंवादात डेरेन यांनीच याची मांडणी केली होती. नाटक एका घटनेकडून दुसरीकडे आडवे सरकते, तर कविता एकाच क्षणात खोल उतरून त्याची भावना धुंडाळते, आणि चित्रपट या दुसऱ्या, कवितेच्या प्रकारचाही असू शकतो, असे त्यांचे म्हणणे होते. व्यासपीठावरील नाटककार आर्थर मिलर यांना ते पटले नाही. कवी डिलन टॉमस यांनी तर थट्टाच केली. (कवीनेच कवितेची बाजू सोडावी, हे नवलच.)

प्रतिसाद २:
वरील मांडणी मान्य असली, तरी केवळ ‘वातावरण’ म्हणून हा चित्रपट सोडून देऊ नये. सुरी घेऊन उठलेल्या नायिकेची पावले वाळू, गवत, फरसबंदी आणि शेवटी गालिचा यांवर पडतात. चाल अखंड राहते, जागा मात्र बदलत जाते, आणि जी अस्वस्थता आपल्याला जाणवते ती याच काटेकोर संकलनातून निर्माण होते.

प्रतिसाद ३:
चित्रपट मुळात मूक होता. तेइजी इतो यांचे संगीत १९५९ मध्ये जोडले गेले. एकदा आवाज बंद करून पाहावा.