शब्दचर्चा : दूरचित्रवाणीचे संकेत उधळणाऱ्या विनोदाला काय म्हणावे?

बीबीसीवर ५ ऑक्टोबर १९६९ रोजी सुरू झालेल्या ‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’सारख्या विनोदी कार्यक्रमाला ‘विडंबन’ म्हणावे का, असा आपला प्रश्न आहे. माझ्या मते हा शब्द चुकीचा नाही, पण अपुरा आहे. अत्र्यांच्या ‘झेंडूची फुले’ या विडंबनकवितांच्या संग्रहापासून मराठी वाचकाच्या मनात विडंबन म्हणजे एखाद्या विशिष्ट रचनेची किंवा कवीच्या शैलीची हास्यकारक नक्कल, असा अर्थ पक्का बसला आहे. येथे मात्र कार्यक्रम नावाच्या गोष्टीच्या बांधणीचीच नक्कल आहे. निवेदकाने स्टुडिओत बसावे, श्रेयनामावली अखेरीस यावी, प्रत्येक प्रसंग हशा पिकवणाऱ्या वाक्याने संपावा, हे प्रेक्षकाने न बोलता मान्य केलेले संकेत तेथे उधळले जातात. डिनर जॅकेट घातलेला निवेदक टेबलासकट उघड्यावर कोठेही बसलेला दिसतो, आणि रंगात आलेला प्रसंग एक लष्करी कर्नल ‘हे फारच बाष्कळ होत चालले आहे’ अशा अर्थाचे काही बोलून मध्येच थांबवतो. (त्या कर्नलाच्या तोंडी ‘मूर्खपणा’पेक्षा ‘बाष्कळपणा’च शोभतो, कारण त्यात रागापेक्षा शिस्तप्रिय माणसाची नापसंती अधिक आहे.) यासाठी ‘संकेतविडंबन’ हा शब्द मला नेमका वाटतो.

अशा विनोदाला इंग्रजीत लावल्या जाणाऱ्या ‘ॲब्सर्ड’ या विशेषणासाठी ‘विसंगत’ वापरू नये. विसंगती हे बहुतेक सगळ्याच विनोदाचे मूळ मानले जाते, त्यामुळे ‘विसंगत विनोद’ म्हटल्याने काहीच वेगळे सांगितले जात नाही. ‘निरर्थक’ हा तर शेराच झाला. नाट्यसमीक्षेत रुळलेला ‘असंगत’ हा शब्द येथे चालतो, कारण एका प्रसंगातून दुसरा कार्यकारणाने निघावा ही अपेक्षाच त्यात सोडून दिलेली असते. भारुडातील कूटाशी, म्हणजे कोड्यासारख्या रचनेशी, याची तुलना करण्याचा मोह होतो, परंतु काट्याच्या टोकावर गाव वसवणाऱ्या कूटात उकलायचा अर्थ दडलेला असतो आणि श्रोता तो शोधत राहतो, तर येथे उकलण्यासारखे काही ठेवलेलेच नसते.

दोन्ही अंगे एकत्र सांगायची असतील, तेव्हा ‘असंगत संकेतविडंबन’ असे लिहावे. बातमीपत्राची नुसती हुबेहूब, हसवणारी नक्कल असेल, तर मात्र जुना ‘विडंबन’ हा शब्दच पुरेसा आहे.