दुसऱ्यांची रिळं, फोरगाचचं नाव?

कात्री: इथे काल कुणीतरी लिहिलं, "पेतेर फोरगाच दिग्दर्शक कसला, लोकांच्या घरची जुनी रिळं जोडतो आणि खाली आपलं नाव लावतो." रात्रभर डोक्यातून जाईना, म्हणून लिहितोय. या माणसानं १९८३ मध्ये बुडापेस्टला घरगुती फिल्मा आणि फोटोंचा संग्रह उभा केला, तेव्हा त्या रिळांना कुणी विचारत नव्हतं. 'द मेलस्ट्रॉम' (१९९७) बघा. पेरेबोम हे डच ज्यू कुटुंब टेबलाभोवती बसलंय. कपडे दुरुस्त करतायत, सामानाची तयारी चाललीय. ऑश्विट्झला नेण्याआधीची संध्याकाळ आहे ती! आणि त्याच चित्रपटात हॉलंडवर राज्य करणाऱ्या नाझी झाइस-इन्क्वार्टच्या घरची फिल्म. तिथेही घरचीच माणसं, सुखाचे दिवस. ही दोन घरं शेजारी कुणी आणली?

गोदाकाठ: ते मीच लिहिलं होतं आणि मागे घेत नाही. टेबलाजवळचा तो प्रसंग मॅक्स पेरेबोमनं टिपला, फोरगाचनं नाही. वर तिबोर सेम्झोचं संथ संगीत. मूळ रीळ मुकं आहे, ते मुकंच ठेवा ना! आणि गेलेल्या माणसांची परवानगी? आईच्या शेवटच्या आजारपणाचा व्हिडिओ माझ्या मावसभावानं गाणं लावून नातेवाइकांत फिरवला. तीन वर्षं झाली, मी त्याच्याशी बोलत नाही.

माळ्यावरचा डबा: परवानगीचं नंतर बघू, आधी रिळं उरतात का? बाबांच्या ८ मिमी रिळांचे नऊ डबे होते. घर विकताना काकांनी भंगारात घातले, किलोवर!

गोदाकाठ: मग तुम्ही कुठे होतात?

माळ्यावरचा डबा: बाबांजवळ, दवाखान्यात. अजून काही विचारायचंय?

सदाशिव: आमची लग्नाची कॅसेट एका दुकानात डिजिटल करायला दिली. बुरशी आली होती म्हणे, फेकून दिली. न विचारता! बायको महिनाभर धुसफुसत होती.

कात्री: रिळांवर या जरा. फोरगाचच्याच 'डॅन्यूब एक्झोडस'मध्ये बोटीचा कप्तान आंद्राशोविच १९३९ मध्ये ज्यू निर्वासितांना नदीतून काळ्या समुद्राकडे नेतो, आणि १९४० मध्ये बेसाराबियातल्या (आजचा मोल्दोव्हा आणि युक्रेनचा काही भाग) जर्मनांना उलट दिशेनं आणतो. दोन्ही वेळा कॅमेरा त्याच्याच हातात.

गोदाकाठ: म्हणजे कप्तानच मोठा! बरं, त्या दोन प्रवासांचा अर्थ जोडल्यावर लागतो, इतकं मान्य. संगीताबद्दल मात्र काडीचंही नाही. आणि डबेवाले, चुकलं माझं.

माळ्यावरचा डबा: असू द्या. एक रीळ वाचलंय. उघडलं की व्हिनेगरसारखा आंबट वास येतो. दीड मिनिटाचं आहे. आजी कॅमेऱ्यापुढे तळहात धरून नको, नको करतेय. कुणाला दाखवलेलं नाही अजून.

गोदाकाठ: नकाच दाखवू.

कात्री: दाखवू नका, पण त्या वासाचं रीळ फार टिकत नाही. थंड, कोरड्या जागी ठेवा आणि या महिन्यातच कॉपी करून घ्या. दुकानात समोर बसून.