आईची आठवण आणि रीळ जुळत नाही, काय करू?

प्रश्न: आजोबांवर माहितीपट करतेय. कॅमेरा मीच, एडिटही मीच. आई ठामपणे सांगते, "त्या दिवशी माझ्या दोन वेण्या होत्या." आजोबांच्या सुपर ८ (घरगुती चित्रीकरणाची छोटी फिल्म) रिळात मात्र तिचा चक्क बॉबकट! दाखवल्यावर ती बराच वेळ गप्प. मग म्हणाली, "ही मी नव्हेच." तिचं बोलणं कापू का?

उत्तर १: अजिबात नको. आवाजात वेण्या, पडद्यावर बॉबकट, बस्स. खाली खुलासा लिहिलात तर मजाच गेली. ती गप्प बसली ते शूट केलंत ना?

उत्तर २: रिळाला व्हिनेगरसारखा वास येतोय का? ॲसिटेट (फिल्मची प्लास्टिकची पट्टी) खराब होऊ लागलं की येतो. प्रोजेक्टरवर चढवू नका, आधी स्कॅन. ५० फुटांचं रीळ सेकंदाला १८ फ्रेमने ३ मिनिटं २० सेकंद चालतं. तेच २५ ने चालवलं तर माणसं तुरुतुरु पळतात (माझे काका आख्ख्या फिल्मभर पळत होते).

प्रश्नकर्ती: वास येतोय, उद्याच स्कॅनला देते. आणि हो, कॅमेरा चालू होता, पण फोकस आईवर नाही, मागच्या पडद्यावर! तरी तिचे हात दिसतात. केसांवरून फिरणारे.

उत्तर १: मग तोच शॉट घ्या.